झाडांचे डोहाळे

कालिदासाच्या ‘मालविकाग्निमित्रा’त प्रमदवनातला एक अशोक फुलायचा थांबला आहे. त्याला हवा असतो सजलेल्या स्त्रीच्या पायाचा प्रहार. झोपाळ्यावरून पडून राणी धारिणीचा पाय दुखावलेला, म्हणून ते काम मालविकेकडे येते. पाच रात्रींत झाड फुलले तर इच्छा पुरवीन, असे राणीचे वचन. आणि झाड फुलते. झाडाच्या या मागणीला संस्कृत कवी ‘दोहद’ म्हणतात, म्हणजे आपले डोहाळे. ‘मेघदूता’तल्या यक्षाच्या घरीही असाच अशोक आहे, आणि शेजारच्या बकुळीला डोहाळे आहेत मद्याच्या चुळीचे. वनस्पतींच्या शरीरक्रियेची अभ्यासक म्हणून मला हा शब्द फार मोलाचा वाटतो. भावना असलेली झाडे कल्पनेने रचायची, तर त्यांना राग-लोभ देण्यापेक्षा डोहाळे देणे अधिक खरे, असे माझे मत आहे.

राग किंवा मत्सर यांना मन लागते, आठवण लागते, समोर कोणीतरी लागते. डोहाळे शरीरातून उठतात. झाडाला मेंदू नाही, मज्जातंतू नाहीत, पण त्याचे शरीर सतत काहीतरी ओळखून उत्तर देत असते. व्हीनस फ्लायट्रॅपच्या पानावरचे केस साधारण वीस सेकंदांत दोनदा हलले, तरच सापळा मिटतो. अळीने एक पान कुरतडले की कॅल्शियमची लाट काही मिनिटांत दूरच्या पानांपर्यंत पोचते, हे 2018 मध्ये प्रत्यक्ष चित्रित झाले. पाणी तोडलेली टोमॅटोची आणि तंबाखूची रोपे आपल्या कानांपलीकडचे टक् टक् आवाज करतात, असे इस्रायलमधल्या संशोधकांनी 2023 मध्ये दाखवले. आपल्याकडे डाळिंबाचे बागायतदार बहार धरताना बाग ‘ताणावर सोडतात’. पाणी बंद करतात, पाने गळू देतात, मग पाणी दिले की बाग कळ्यांनी भरते. म्हणजे आपण ज्याला झाडाचे हसू समजतो, त्याच्या आधी उपासमार असू शकते. फुलणे म्हणजे आनंद आणि पानगळ म्हणजे दुःख, एवढेच सूत्र धरून लिहिणारा माणसालाच साल नेसवतो. टोल्किनच्या कादंबरीतले एंट नावाचे वृक्षजीव चालतात, बोलतात, तेवढ्यापुरते ते माणूसच. पण त्यांची सभा तिसऱ्या दिवसापर्यंत चालते, तिथे ते झाड होतात.

हे सगळे निव्वळ अलंकार आहेत, असे कोणी म्हणेल. ‘शाकुंतला’चा चौथा अंक त्याला उत्तर देतो. वेली पिकली पाने गाळतात, तिथे ‘जणू आसवे’ असा जणू कवीने घातला आहे. पण झाडांनी दिलेले रेशमी वस्त्र शकुंतला खरोखर नेसते. उपमा कुठे संपते आणि नाटकाचे कल्पित जग कुठे सुरू होते, हे कालिदासाला नेमके ठाऊक होते. दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: अशा कल्पनांतून भोंदू विज्ञान जन्मते. क्लीव्ह बॅक्स्टरने 1966 मध्ये खोटे पकडण्याचे यंत्र ड्रॅसिनाच्या पानाला लावले आणि झाड मनातले ओळखते असे जाहीर केले. 1973 च्या ‘द सीक्रेट लाइफ ऑफ प्लांट्स’ या पुस्तकाने ते घरोघर पोचवले. 1975 मध्ये काटेकोर प्रयोगांत ते टिकले नाही. वनस्पतींच्या संवेदनांवरचे गंभीर संशोधनही त्यामुळे पुढे बराच काळ संशयाने पाहिले गेले, याचा मला आजही राग येतो. पण तो दोष कल्पनेचा नव्हे, कल्पनेला प्रयोगाचे नाव देणाऱ्याचा.

आणि अशोकाची ती मागणीही माणसाभोवतीच फिरते ना? फिरते, हे मान्य. पाय माणसाचा आहे, पण उत्तर झाडाचे आहे. हा अशोक म्हणजे सोसायटीच्या कुंपणालगतचा उंच हिरवा अशोक नव्हे, सीतेचा अशोक. त्याचे केशरी गुच्छ कोवळ्या शेंड्यांची वाट पाहत नाहीत. जुन्या फांद्यांवर, कधी थेट खोडावर येतात, जिथे पाय लागतो त्याच लाकडावर. कल्पित अरण्ये लिहिणाऱ्यांनी फेब्रुवारी-मार्चमध्ये तो जवळ जाऊन पाहावा.