महामार्गालगतची गाणी

मुंबईजवळच्या काशीमिऱ्याला महामार्गालगत ऑर्केस्ट्रा बार आहेत. वर्तमानपत्रात ते येतात ते धाड पडली की. आत कोण गातं, ती गाणं शिकली कुठे, हे त्या बातमीत नसतं.

*

२००५ साली मुंबई पोलीस कायद्यात दुरुस्ती होऊन डान्स बार बंद झाले. तीन तारांकित आणि त्यावरच्या हॉटेलांना मात्र सूट होती! गाणं तेच, नाच तोच. गिऱ्हाईक श्रीमंत असलं की चालेल. हा भेद उच्च न्यायालयाने २००६ मध्ये घटनाबाह्य ठरवला, सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये त्यावर शिक्कामोर्तब केलं. तोवर या बारमध्ये नाचणाऱ्या बायका देशोधडीला लागल्या होत्या. त्यांतल्या कित्येकजणी बेडिया, नट, कंजर, कोल्हाटी अशा पिढ्यान्‌पिढ्या गाण्यानाचण्यावर जगणाऱ्या समाजांतल्या.

*

युरोपातल्या रोमा समाजाविषयी वाचताना असेच गाण्यावाजवण्यावर जगणारे लोक पुन्हा भेटतात. हंगेरीचं संगीत मुळात रोमांचं, असं संगीतकार लिस्टने १८५९ च्या पुस्तकात मांडलं. पुढे संगीतकार बार्टोकने ते खोडलं: हॉटेलांत रोमा वाजवतात त्या चाली बहुतेक हंगेरियन रचनाकारांच्याच आहेत. रोमांची स्वतःची गाणी वेगळी. ती घरात, लग्नात म्हणायची. वाद्य नसलं तर तोंडाने ठेका धरायचा, पाण्याचा डबा बडवायचा. ती ऐकायला हॉटेलातलं गिऱ्हाईक कधी गेलं नाही.

*

आपली लावणीही अशीच. रचणारे शाहीर रामजोशी, होनाजी. ती गळ्यात आणि पायांत जपली कोल्हाटी, मांग, महार घरांतल्या बायकांनी. लावणी गायिका यमुनाबाई वाईकर कोल्हाटी समाजातल्या, लहानपणी आईबरोबर रस्त्यावर गाऊन-नाचून पोट भरणाऱ्या. पद्मश्री मिळाली २०१२ मध्ये, नव्वदी ओलांडल्यावर. एवढा उशीर मला अजूनही सलतो.

*

पुन्हा महामार्गाकडे. ऑर्केस्ट्रा बारमध्ये गायिका चारच आणि गायकही चारच, अशी परवान्याची अट होती. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये ही विभागणी काढली. एकूण आठांची मर्यादा राहिली.

*

काशीमिऱ्याजवळच मीरा रोडला लता मंगेशकरांच्या नावाचं नाट्यगृह आहे. त्यांच्या आजी येसूबाई गोव्यातल्या मंगेशीच्या, देवळाच्या सेवेत गाणाऱ्या कलावंत समाजातल्या. महामार्गावरच्या गायिकांना या रंगमंचावर एक संध्याकाळ मिळायला हवी. जाहिरातीत त्यांची नावं असावीत, तिकीट असावं, आणि काय गायचं ते त्यांनी ठरवावं. घरची, लग्नातली गाणी म्हणाल्या तर फारच छान.