कशाचे चित्र?

मास्तरकीत माणसाला एक खोड जडते. समोर येईल त्याचा अर्थ विचारायची. काही वर्षांपूर्वी चित्रकलेचे शिक्षक रजेवर गेले आणि सातवीचा तास माझ्याकडे आला. एका मुलीने कागदभर निळा रंग पसरून त्यातून एक तांबडी रेघ नेली होती.

"हे कशाचं चित्र?" मी विचारले.

"कशाचंच नाही, सर. नुसतंच."

वर्ग हसला. मी लाल शाईने शेरा मारला, 'अपूर्ण.'

त्याच संध्याकाळी मी रेडिओवर मारवा ऐकत होतो. मारव्यात षड्ज फार जपून लावतात. सूर रिषभ-धैवतावर रेंगाळतात आणि ऐकणारा घराच्या ओढीने व्याकुळ होतो. आलापीत शब्द असा नव्हताच. तरी माझे डोळे भरून आले. हे कशाचे गाणे, असे विचारायचे मात्र मला सुचले नाही!

ही विसंगती ध्यानी आली ती फार उशिरा, एका पुस्तकात कांडिन्स्की या रशियन चित्रकाराचे चित्र पाहताना. १९११ च्या जानेवारीत म्यूनिकला शोनबर्गचे संगीत ऐकून त्याने ते रंगवले. काळा पियानो आणि श्रोते त्यात कसेबसे ओळखू येतात. बाकी सारा पिवळ्या रंगाचा लोंढा. पुढे त्याच्या चित्रांतून ओळखीच्या वस्तू गळतच गेल्या. नावेसुद्धा त्याने संगीतातली घेतली, 'कॉम्पोझिशन', 'इम्प्रोव्हिझेशन'. आपल्याकडे नागपुरात जन्मलेले वासुदेव गायतोंडे (१९२४–२००१) हेही शास्त्रीय संगीताचे भोक्ते. त्यांच्या चित्रांतही कशाचे म्हणून काही नसते. रंगांचे थर असतात आणि त्यांतून झिरपणारा उजेड.

मी मॅट्रिक झालेला माणूस, चित्रातले मला फारसे कळत नाही. पण एक फरक जाणवतो. गाणे आपल्याला धरून बसवते. बडा ख्याल ऐकायचा तर त्याच्या लयीने थांबावेच लागते. चित्र बिचारे कुणाला अडवत नाही. त्याच्यापुढे थांबायचे ते आपण होऊन. मारव्याला मी तासभर दिला होता. त्या निळ्या कागदाला अर्धे मिनिटही नाही.

गेल्या वर्षी ती मुलगी बाजारात भेटली. कडेवर मूल होते. मी विचारले, "चित्रं काढतेस का गं अजून?"

"छे हो, सर!" ती हसली. "माझी चित्रं कुठं पुरी व्हायची?"

तो शब्द तिने जपून ठेवला होता. मी मुलाच्या गालाला हात लावला आणि भाजीची पिशवी घेऊन निघालो.