मागितलं नाही, म्हणून आलं नाही

मागच्या पावसाळ्यातली गोष्ट. माझ्या वर्गातल्या एका मुलाच्या वडिलांना भाताची लावणी करताना घोणस चावली. घरच्यांनी भगताकडे वेळ न घालवता त्यांना थेट सरकारी दवाखान्यात आणलं. विष चढल्याची लक्षणं दिसली की सुरुवातीलाच प्रतिविषाच्या ८ ते १० कुप्या द्याव्या लागतात. तिथे चारच होत्या. तेवढ्या देऊन रुग्णवाहिका नाशिकला निघाली. जव्हारहून मोखाडा, त्र्यंबक करत सुमारे ८० किलोमीटर, भर पावसात.

अल्लाहच्या मेहेरबानीने माणूस वाचला. पण पायाची जखम भरायला तीन महिने गेले. दिवाळीनंतर वीटभट्टीवर त्यांच्या जागी मुलगा गेला. सातवीत होता. हजेरीपटावर त्याच्या नावापुढे अजून गैरहजेरीच लागते आहे.

नंतर सासूबाईंच्या रक्तदाबाच्या गोळ्या आणायला गेले, तेव्हा औषधभांडार सांभाळणाऱ्या दादांना मी जरा रागानेच विचारलं, "चारच कुप्या कशा?"

ते शांतपणे म्हणाले, "मॅडम, गेल्या वर्षी जेवढं खपलं त्यावरून यंदाची मागणी जाते. गेल्या वर्षी दोन महिने साठाच नव्हता. मग खप कमीच दिसणार ना?"

म्हणजे जे आलं नाही ते खपलं नाही. खपलं नाही म्हणून मागितलं नाही. आणि मागितलं नाही म्हणून पुन्हा आलं नाही. त्यात वर्षाच्या आकड्याला बाराने भागलं, तर आमच्या भागात हिशोब आणखी चुकतो. दिवाळीनंतर पाडेच्या पाडे कामासाठी बाहेर पडतात आणि पावसाच्या तोंडावर परततात. माणसं घरी, शेतात चिखल, सापही बाहेर. गरज सगळी त्या चार महिन्यांत. तेव्हा साठा पाऊस सुरू होण्याआधीच यायला हवा.

राज्याची औषधखरेदी २०१७ पासून हाफकिन महामंडळाकडे होती. २०२३ मध्ये कायदा करून त्यासाठी वेगळं प्राधिकरण नेमलं. तामिळनाडूने असं महामंडळ १९९४ मध्येच काढलं. तिथे प्रत्येक दवाखान्याचं पासबुक असतं आणि त्यातल्या रकमेत तो आपल्या गरजेची औषधं जिल्ह्याच्या गोदामातून उचलतो. पण खरेदी कोणीही करो, गरजेचा आकडा खालूनच जायचा. तोच खोटा असेल तर वरचा माणूस काय करणार?

घरी आले आणि शाळेच्या पोषण आहाराची वही उघडली. तांदूळ संपलेल्या दिवसांपुढे मी वर्षानुवर्षं नुसती रेघ मारत आले होते. वही पाहणाऱ्याला काय वाटेल? की त्या दिवशी कोणाला भूकच नव्हती. दादांवर रागावणारी मी तीच चूक करत होते.

आता रेघ मारत नाही. "तांदूळ नाही, ४१ मुलं हजर" असं लिहिते. दादांनीही वहीत एक रकाना वाढवला आहे: औषध नसल्यामुळे परत किंवा पुढे पाठवलेले रुग्ण.

सरकारी दवाखान्याची रुग्ण कल्याण समिती असते. आपल्या ओळखीचं कोणी तिच्यावर असेल, तर पाऊस सुरू होण्याआधी एवढंच विचारायला सांगा: गेल्या वर्षी काय संपलं होतं, आणि ते कुठे लिहून ठेवलं आहे?