पाटलाआधीचा माळी

निळू फुले पडद्यावर आले तेव्हा चाळिशीला टेकले होते. 1968 साली अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’मध्ये त्यांनी झेलेअण्णा रंगवला आणि त्यानंतर मराठी चित्रपटातलं गाव त्यांच्याशिवाय पुरं होईना. त्याआधीची कितीतरी वर्षं ते पुण्यात लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत होते. पगार महिना 80 रुपये. त्यातले 10 रुपये राष्ट्र सेवा दलाला जायचे. दिवसा बाग, संध्याकाळी सेवा दलाचं कलापथक. पु. लं.च्या ‘पुढारी पाहिजे’तला रोंगे आणि मग शंकर पाटलांचं ‘कथा अकलेच्या कांद्याची’, या लोकनाट्यांनी त्यांचं नाव गावोगाव नेलं.

आमच्या घरी हे नाव आलं ते कांद्यामुळेच. आम्ही खेड तालुक्यातले. वडील कांदा घेऊन चाकणच्या बाजाराला जायचे. तेव्हा चाकण म्हणजे कांदा, किल्ला आणि नाशिक रस्त्यावरचा एसटीचा थांबा. कुणीतरी बाजारात सांगितलं, कांद्याच्या नावाचं एक नाटक आलंय, लोक पोट धरून हसतायत. वडील म्हणाले, “आमचा भाव ऐकला तरी लोक हसत्यात. त्याला नाटक कशाला पायजे?” पुढे त्यांनी ते लोकनाट्य खरोखरच पाहिलं आणि आठवडाभर जेवताना त्यातल्या नकला केल्या. माझे वडील नकला करू शकतात हे मला तेव्हा कळलं.

‘सामना’ मी जत्रेतल्या तंबूत पाहिला. दिग्दर्शक जब्बार पटेल, पटकथा विजय तेंडुलकरांची, निर्माते रामदास फुटाणे. 1975 साली हा चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात जाऊन आला होता, पण आमच्या तंबूत ही माहिती असणारा कुणी नसावा. हिंदुराव धोंडे पाटील हा साखर कारखान्याचा सर्वेसर्वा. गावात आलेल्या एका दारुड्या मास्तरला तो घरात ठेवून घेतो, खाऊपिऊ घालतो, आणि तो मास्तर मारुती कांबळे नावाच्या नाहीशा झालेल्या माणसाबद्दल विचारत राहतो. आम्हाला धसका बसला तो हिंदुरावाच्या आदरातिथ्याचा. आवाज चढवायचा नाही. खालचा ओठ किंचित सैल सोडून, समोरच्याचं बोलणं पुरं होऊ द्यायचं, मग डोळे अर्धवट मिटून एखादंच वाक्य सावकाश खाली ठेवायचं. समोरचा माणूस आपोआप आवरतं घेतो. तंबूच्या वर्गणीचे मोठे आकडे ज्यांनी दिले होते ते पुढच्या खुर्च्यांवर बसले होते, आम्ही मागे मातीत. परतताना एरवी गाणी म्हणणारे लोक त्या रात्री गप्प होते. आजी मात्र बोटं मोडत होती, “मुडदा बशीवला त्याचा.” हे हिंदुरावाला की निळू फुल्यांना, ते तिनं स्पष्ट केलं नाही. तिच्यासारख्या बायका महाराष्ट्रभर होत्या आणि निळूभाऊ हीच आपली पावती मानत.

‘सामना’बद्दल एक गोष्ट मला फार पुढे लक्षात आली. मास्तर झालेले श्रीराम लागू कान-नाक-घशाचे शल्यविशारद. जब्बार पटेल दौंडला दवाखाना चालवणारे बालरोगतज्ज्ञ. त्यातच दिसणारे मोहन आगाशे मनोविकारतज्ज्ञ. एवढ्या डॉक्टरांच्या मेळाव्यात मधोमध पाय पसरून बसलेला मालक कोण, तर वैद्यकीय महाविद्यालयातला माळी! डॉ. लागूंनीही उशीरच केला होता. 1969 साली, बेचाळिसाव्या वर्षी, त्यांनी वैद्यकी सोडून पूर्णवेळ नाटक धरलं आणि पुढच्याच वर्षी ‘नटसम्राट’ केलं. त्यांच्या त्या धाडसाबद्दल भरपूर लिहून आलं आहे, आणि ते योग्यच आहे. पण मला विचाराल तर 80 रुपयांची माळ्याची नोकरी सोडणं जास्त अवघड. डॉक्टरची पाटी पुन्हा लावता येते. हे मी माझ्या हिशेबानं बोलतोय. ज्यानं नोकरी टिकवण्यात हयात घालवली त्याचा हिशेब असाच असतो.

माझी हयात भोसरीच्या एमआयडीसीत गेली. मोठ्या कारखान्यांना सुटे भाग पुरवणाऱ्या एका छोट्या युनिटात लेथवर. सुरुवातीला कॅज्युअल, सात महिने झाले की ब्रेक, मग पुन्हा दारात उभं राहायचं. परमनंट झाल्यावर आयुष्यात पहिल्यांदा संध्याकाळ मिळाली आणि मी नाटकात शिरलो. कामगार कल्याण मंडळाच्या नाट्यस्पर्धेनं तेव्हा पिंपरी-चिंचवडला वेड लावलेलं होतं. पेनिसिलिन बनवणारे, स्कूटर बनवणारे, ट्रक बनवणारे, सगळ्यांचे संघ. फर्स्ट शिफ्ट करून आलेले लोक हाताचं ग्रीस धुऊन तालमीला उभे राहत. सेकंडवाल्यांची तालीम रात्री बारानंतर, कामगार कल्याण केंद्राच्या रखवालदाराला चहा पाजून.

आमच्या एकांकिकेत पाटील होता आणि तो मला मिळाला. पहिल्याच वाचनाला मी ओठ सैल सोडला, आवाज घशात नेला. सगळे खूश. दिग्दर्शक ड्रॉइंग ऑफिसमधले एक अबोल गृहस्थ होते. ते म्हणाले, “हा आवाज त्यांचा झाला. तुमच्या गावच्या पाटलांचा कसा होता?” मी आठवू लागलो. आमच्या पाटलांचा आवाज बारीक, जवळजवळ बायकी होता, आणि ते सतत सुपारी कातरत. बोलताना अडकित्ता थांबला की समोरच्याला घाम फुटायचा. मी तो अडकित्ता घेतला. स्पर्धेत आम्हाला काही मिळालं नाही, पण निळू फुल्यांचं काम मला तेव्हापासून वेगळं दिसायला लागलं. त्यांनीही हा माणूस कुठून तरी उचललेला असणार, आणि तो खालून पाहिलेला असणार. लष्करी महाविद्यालयाच्या बागेत पाणी घालणाऱ्या माणसासमोर साहेब लोक काय वाटेल ते बोलतात. तो ऐकतोय असं त्यांना वाटतच नाही. हुकूम सोडणारा माणूस कसा उभा राहतो, कधी हसतो, कुणाकडे बघायचं टाळतो, याचा एवढा अभ्यास कुठल्या नाट्यशाळेत होणार? लोक म्हणतात त्यांना यश उशिरा मिळालं. मला वाटतं, पंचविशीत त्यांना हिंदुराव जमलाच नसता.

मात्र मराठी चित्रपटानं या माणसाचं केलं काय? टोपी, धोतर, मिशी आणि वाडा. एकदा गिऱ्हाईक मिळालं म्हणून तोच जॉब वर्षानुवर्षं मारत राहावं, तसा निर्मात्यांनी त्यांच्याकडून पाटील काढून घेतला. त्यातले बरेच चित्रपट आज पाहवत नाहीत. आणि याच काळात त्यांनी रंगभूमीवर तेंडुलकरांचा ‘सखाराम बाइंडर’ केला होता, 1972 साली, ज्यावरून परिनिरीक्षण मंडळ आणि कोर्ट एवढं रामायण घडलं. 1984 च्या ‘सारांश’मध्ये महेश भट्टनी त्यांना गजानन चित्रे हा शहरी पुढारी दिला, तर धोतराशिवायही ते तितकेच घातक दिसले. म्हणजे जमत सगळं होतं. मागणारे कमी होते.

‘सिंहासन’ तर उलटंच. अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्यांवरचा 1979 चा चित्रपट. मुख्यमंत्री अरुण सरनाईक, अर्थमंत्री लागू, आणि निळू फुले दिगू टिपणीस नावाचे पत्रकार. हातात सत्ता शून्य. आमच्या शॉपमध्ये तो दूरदर्शनवर लागून गेल्याच्या दुसऱ्या दिवशी चर्चा झाली ती सतीश दुभाषींच्या डिकास्टाची, कारण तो कामगार पुढारी. प्रत्येकाला त्याच्यात आपापल्या युनियनचा कुणीतरी दिसला. दिगूबद्दल कुणी अवाक्षर काढलं नाही. मी मात्र त्याच्यावरच अडकलो होतो. तो जिन्यात उभा राहतो, दालनाच्या दाराशी थांबतो, ऐकतो, मान हलवतो. सगळं ठाऊक असलेला आणि काहीच करू न शकणारा माणूस. शेवटी त्याला वेड्यासारखं हसू फुटतं. पाटील करताना त्यांनी साहेबाची नक्कल केली असेल, पण दिगूमध्ये मला तो बागेतला ऐकणारा माणूस स्वतः दिसला.

निळूभाऊ 13 जुलै 2009 रोजी गेले. त्याच वर्षी चाकणला मर्सिडीज आणि फोक्सवॅगन या दोन्ही कंपन्यांचे कारखाने सुरू झाले. आता वडिलांच्या कांद्याच्या वाटेवर कंटेनरच्या रांगा असतात. आमच्या शेजारच्या खोलीत कंत्राटी पोरं राहतात, काही मराठवाड्यातली, काही ओडिशाची. मोबाइलवर निळू फुल्यांच्या नकलांचे तुकडे बघून हसतात. त्या नकलांतलं, बाईला वाड्यावर बोलावण्याचं वाक्य ओडिशाच्या पोरालाही येतं. मी विचारलं, हे कुठल्या चित्रपटातलं? त्याला ठाऊक नव्हतं, आणि मराठवाड्यातल्या पोरालाही नव्हतं. या पोरांतला एक जण भारूड फार सुंदर म्हणतो. वय पस्तीस. बारा तासांची ड्यूटी, वर बसचा तास-दीड तास. त्याला तालमीला चल म्हणायचं कुठल्या तोंडानं?

म्हणून उशिरा यश मिळालेल्या कलावंतांच्या गोष्टी सांगून लोक ‘वयाचं काही नसतं’ म्हणतात तेव्हा मी मान हलवत नाही. सयाजी शिंदे साताऱ्याकडे पाटबंधारे खात्यात रखवालदार होते, पुढे चाळिशीच्या आसपास ‘शूल’नं त्यांना देशभर नेलं, खरं आहे. पण या प्रत्येकाला संध्याकाळ होती. निळूभाऊंना बागेतून सुटल्यावर जायला सेवा दलाचं कलापथक होतं, आणि तिथे त्यांची वाट पाहणारी माणसं होती. वय नसतं हे ठीक. वेळ आणि जागा मात्र लागते.

तेव्हा दोनच गोष्टी सांगतो. ‘सिंहासन’ पाहिला नसेल तर पाहा, आणि दिगू टिपणीसवर नजर ठेवून पाहा. दुसरं, तुमच्या लाइनवर कुणी तालमीला जायला शिफ्ट बदलून मागितली, तर कारण न विचारता बदलून द्या.