शेजारी राहावयास येतात तेव्हा

वाचकहो, घर आपण निवडतो. शेजार निवडीत नाही. खोल्या किती, ऊन कोणत्या बाजूने येते, पाणी किती वेळ असते, भाडे किती, हे सारे आपण चार वेळा विचारून घेतो. पण भिंतीपलीकडे कोण राहते, हे बहुधा सामान उतरवून झाल्यावरच कळते. आणि तरीही आपली दुपारची झोप, मुलांच्या तोंडी बसणारी भाषा, अडीअडचणीला मिळणारी वाटीभर साखर, या सर्व गोष्टी त्या न निवडलेल्या माणसांवर अवलंबून असतात. हा विषय माझ्या मनात घोळू लागला तो माझ्या नऊ वर्षांच्या मुलीच्या एका प्रश्नामुळे. आणि तो प्रश्न तिला सुचला एका खेळामुळे.

हा खेळ पडद्यावर खेळावयाचा. ‘ॲनिमल क्रॉसिंग : न्यू होरायझन्स’ हे त्याचे नाव. जपानच्या निन्टेन्डो कंपनीने तो मार्च २०२० मध्ये, जगातील बहुतेक घरांची दारे बंद होत होती त्याच सुमारास, प्रसिद्ध केला. या खेळात आपल्याला एक बेट मिळते. त्यावर आपल्याखेरीज जास्तीत जास्त दहा रहिवासी राहू शकतात. मांजर, अस्वल, बेडूक, शेळी असे हे बोलके शेजारी असतात. एखादा रहिवासी कंटाळला, म्हणजे विचारमग्न चेहऱ्याने हिंडू लागतो आणि “मी हे बेट सोडून जाऊ का?” असे आपल्यालाच विचारतो. आपण “जा” म्हटले तरच तो जातो. “थांब” म्हटले तर आनंदाने राहतो. तो गेला, की त्याच्या घराची जागा मोकळी होते. मग आपण तिकीट काढून दुसऱ्या एखाद्या अनोळखी बेटावर जावयाचे, तेथे भेटेल त्या प्राण्याशी बोलावयाचे आणि तो आवडला तर त्याला आपल्याकडे राहावयास बोलवावयाचे. तो येतो त्या दिवशी आपण भेटावयास गेलो, तर त्याच्या घरात नुसती खोकी रचलेली दिसतात. दुसऱ्या दिवशी खोकी उघडलेली असतात, आणि शेजार सुरू होतो.

या खेळमालिकेच्या जन्माची हकीकत मला विशेष वाटते. तिचे एक जनक कात्सुया एगुची हे तोक्योजवळच्या चिबा प्रांतातले. निन्टेन्डोतील नोकरीसाठी ते क्योतोला आले, तेव्हा कुटुंब आणि मित्र मागे राहिले. त्या परक्या शहरात वाटलेल्या एकटेपणातून या खेळाची कल्पना उगवली, असे त्यांनी पुढे सांगितले आहे. २००१ साली जपानात या मालिकेतला पहिला खेळ निघाला. म्हणजे शेजाऱ्यांचा हा खेळ मुळात एका नवख्या भाडेकरूच्या मनातला आहे.

आता प्रश्नाकडे येते. आमच्या समोरच्या घरात राहणाऱ्या काकू गेल्या वर्षी पुण्याला मुलाकडे कायमच्या राहावयास गेल्या. बावीस वर्षांचा शेजार. जाण्याच्या दिवशी त्यांनी मुलीच्या हातावर डिंकाचा लाडू ठेवला आणि त्या जिना उतरल्या. मुलगी म्हणाली, “आई, काकूंनी आपल्याला विचारले का? आपण ‘थांबा’ म्हटले नाही.” मी तिला समजाविले, की माणसे अशी विचारून जात नाहीत. त्यावर तिने लगेच विचारले, “मग आता समोर कोण यायचे ते कोण ठरवणार? आपण?”

या प्रश्नाचे उत्तर चारच दिवसांत आमच्या इमारतीच्या सभेत मिळाले. रिकाम्या घराच्या मालकांनी एका कुटुंबाला भाड्याने देण्याचे ठरविले होते. कोंडागावच्या पुढील एका खेड्यातले हे कुटुंब. सरकारी कार्यालयात कारकून असलेली एक बाई, तिची म्हातारी आई आणि शाळकरी मुलगा. सभेत चहा झाला आणि एका गृहस्थांनी घसा खाकरून प्रश्न काढला. ते लोक काय खातात, त्यांच्याकडे कोण येते-जाते, बाई एकटीच का राहते. जात कुणी उच्चारली नाही. ती उच्चारावी लागू नये, म्हणूनच तर हे इतर प्रश्न विचारले जातात, हे आपणांपैकी ज्यांनी अशा सभा पाहिल्या असतील त्यांना सांगावयास नको.

मला तेव्हा तो खेळच आठवला. त्यात हजारो खेळाडू हेच करतात. गोंडस दिसणाऱ्या रहिवाशासाठी तिकिटामागून तिकीट खर्च करतात आणि न आवडणारा आला, तर त्याच्याशी बोलणे टाकतात. फुलपाखरे पकडण्याच्या जाळीने त्याच्या डोक्यावर टपल्यासुद्धा मारतात, तो कंटाळून निघून जावा म्हणून. पडद्यावरच्या बेडकाचे यात काही बिघडत नाही. पण सवय मनाला लागते, आणि मन तर एकच असते.

सभेत मी एवढेच म्हणाले, की माझे पणजोबा बंगाल-नागपूर रेल्वेत कारकुनी करण्यासाठी या शहरात आले, तेव्हा एका छत्तीसगढी घरमालकाने त्यांना तात्यापाऱ्यात दोन खोल्या दिल्या. पणजोबांना ना येथील बोली येत होती, ना त्यांच्या ओळखीचे येथे कुणी होते. त्या घरमालकाने सभा बोलाविली असती, तर आज मी या खुर्चीवर नसते. कुणी उत्तर दिले नाही. कार्यवाहांनी पाण्याच्या टाकीचा विषय काढला. घरमालक आपल्या शब्दावर ठाम राहिले, आणि कुटुंब आले.

रायपूरची कथा ही येऊन राहिलेल्यांचीच कथा आहे, वाचकहो. अठराव्या शतकात नागपूरकर भोसल्यांचे राज्य छत्तीसगढात आले. बिंबाजी भोसल्यांनी रतनपुरास कारभार थाटला, आणि त्यांच्यामागून मराठी कुटुंबे या मुलखात आली. १८१८ नंतर इंग्रज अधिकाऱ्यांनी मुख्य ठाणे रतनपूरहून रायपुरास हलविले. १८७७ साली कलकत्त्याच्या एका वकिलाचे कुटुंब बैलगाडीने जंगल तुडवीत येथे आले आणि बुढापाऱ्यात सुमारे दोन वर्षे राहिले. त्या घरातला चौदा वर्षांचा नरेंद्र पुढे स्वामी विवेकानंद झाला. आज येथील विमानतळ त्याच्या नावाने ओळखला जातो. फाळणीनंतर सिंधी कुटुंबे आली. १९६४ पासून पूर्व बंगालच्या निर्वासितांना माना येथील छावणीत आसरा मिळाला. १ नोव्हेंबर २००० रोजी छत्तीसगढ राज्य झाले, रायपूर राजधानी झाली, आणि नोकरीनिमित्त चहूकडून माणसे आली. या साऱ्यांत सर्वांत जुना हक्क कुणाचा म्हणावा? निदान बस्तरहून आलेल्या माणसाला तरी या राजधानीत कुणी “तुम्ही कोण?” असे विचारू नये.

याच शहरात वास्तव्य केलेल्या माधवराव सप्रे यांनी १९०१ साली ‘छत्तीसगढ मित्र’ या आपल्या हिंदी मासिकात ‘एक टोकरी भर मिट्टी’ ही छोटी कथा लिहिली. सप्रे मराठी घरातले. लोकमान्यांचे ‘गीतारहस्य’ आणि समर्थांचा ‘दासबोध’ त्यांनी हिंदीत नेले. माझ्यासारख्या भाषांतराच्या व्यवसायातील माणसाला ते कुलपुरुषासारखे आहेत. त्यांची ही कथा शेजाराचीच आहे. एका जमीनदाराला वाड्याचे आवार वाढवावयाचे असते, आणि आड येते ती शेजारच्या गरीब विधवेची झोपडी. वकिलांच्या साहाय्याने तो ती बळकावतो. पुढे एक दिवस ती म्हातारी टोपली घेऊन येते. तिची नात जुन्या घराखेरीज कोठे जेवीत नाही. म्हणून त्या जागेतील मातीची चूल करावी, अशी तिची इच्छा असते. टोपली भरल्यावर ती जमीनदारालाच हात लावावयास सांगते. त्याला ती उचलवत नाही. मग ती विचारते, की एका टोपलीचा भार सोसवत नाही, तर या झोपडीतल्या हजारो टोपल्यांचा भार जन्मभर कसा सोसणार? जमीनदार खजील होऊन झोपडी परत करतो. शेजाऱ्याला घालवून मोकळी झालेली जागा हलकी नसते, हे सप्र्यांनी सव्वाशे वर्षांपूर्वी सांगून ठेविले आहे.

नवे कुटुंब रात्री नऊच्या सुमारास एका लहान मालमोटारीतून आले. उद्वाहक बंद होता. खोकी जिन्यावरून वर चढली. काही दारे किलकिली झाली आणि पुन्हा लागली. माझी मुलगी पाण्याची कळशी घेऊन गेली. परत येऊन म्हणाली, “आई, अगदी खेळातल्यासारखीच खोकी आहेत.”

दुसऱ्या दिवशी सकाळी दाराशी ती आजी नातवाला काही सांगत होती. मला एक शब्द ऐकू आला आणि हातातली कपबशी तशीच राहिली. आजी म्हणाल्या, “आमचो.” त्यांची भाषा हलबी. तीत ‘आमचा’ला ‘आमचो’ म्हणतात आणि प्रश्न विचारताना आपल्यासारखेच ‘काय’ म्हणतात. ग्रियर्सन यांनी भारतीय भाषांची पाहणी केली, तेव्हा १९०५ च्या सातव्या खंडात हलबीला मराठीच्या दालनात बसविले होते. पुढील अभ्यासकांनी तिच्यात उडिया, छत्तीसगढी आणि मराठी या तिहींचे धागे दाखविले. सुमारे ३०० किलोमीटरवरील जगदलपूरच्या बाजारात जो प्रत्यय ऐकू येतो, तो आपल्या घरातला ‘चा’ आहे. सभेत ज्यांना परके म्हटले गेले, त्यांच्या बोलण्यात माझ्या आईच्या भाषेचा धागा होता. अर्थात, तो नसता तरी त्यांचा तेथे राहण्याचा हक्क तसूभरही कमी झाला नसता, हेही लगेच सांगितले पाहिजे.

येथे एखादी गोष्ट अशी रचता येईल, की पुढे त्या आक्षेप घेणाऱ्या गृहस्थांना मध्यरात्री कळ आली आणि समोरच्या बाईंनी धावून जाऊन त्यांचा प्राण वाचविला. तसे काही घडले नाही. ते गृहस्थ आजही जिन्यात भेटले तर नजर चुकवितात. आणि शेजाऱ्याने आपली उपयुक्तता सिद्ध करावी, तेव्हा आपण त्याला माणूस मानावे, हा व्यवहार तरी कोठला चांगला?

जे घडले ते साधे आहे. श्रावणी अमावास्येला आपला पोळा. येथील पंचांगात तोच दिवस भाद्रपद अमावास्येचा, आणि सणाचे नाव पोरा. त्या दिवशी मुलगा मातीचा बैल घेऊन आमच्याकडे आला. मी पुरणपोळी पाठविली. समोरून ठेठरी आणि खुरमी आली. पौष पौर्णिमेला छेरछेरा मागत दोन्ही मुले एकाच पिशवीत तांदूळ गोळा करीत हिंडली. आजी मला ‘नोनी’ म्हणतात, म्हणजे पोरी. छत्तीसगढात ‘मितान’ बदण्याची रीत आहे: दोन भिन्न जातींची माणसे देवासमक्ष मैत्र जोडतात आणि दोन्ही घरे ते नाते सोयरिकीसारखे पाळतात. निवड येथेही आहे. पण ती माणूस पारखून त्याला घालविण्याची नसून, समोर आलेल्याला आपला म्हणण्याची आहे.

वाचकहो, आपल्या समोरचे घर आज ना उद्या रिकामे होईल. नवे लोक येतील, जिन्यावर खोकी दिसतील. तेव्हा ते कोठले, कोण, काय खातात, हे विचारण्याची घाई करू नये. नळाला पाणी किती वाजता येते, ते आधी सांगावे. नवख्या माणसाला पहिल्या सकाळी तेवढेच हवे असते.