खरवड

कोबी ही काही जिच्यावर लेख लिहावा अशी भाजी नव्हे. वांग्याच्या भरताला चाहते असतात, अळूच्या भाजीला पंगतीत मान असतो, परदेशी गेलेली माणसे मेथीच्या आठवणीने हळवी होतात. कोबीसाठी कोणी हळवे झाल्याचे माझ्या ऐकिवात नाही. खानावळीची, वसतिगृहाची, आजाऱ्याच्या डब्याची ही भाजी. तिचे नावही उसने. बटाट्याप्रमाणे तेही आपल्याकडे पोर्तुगिजांकडून आले. तरीही एका कोबीविषयी मला लिहायचे आहे. तो चीज घालून ओव्हनमध्ये भाजलेला होता आणि त्याच्यामुळे माझ्या आईविषयीचा माझा एक जुना गैरसमज दूर झाला.

सांगलीला आमच्या घरी आई सर्वांत शेवटी जेवत असे. यात काही विशेष नाही. त्या पिढीतल्या बहुतेक घरांत हेच चालत असे. वडील शिक्षक, आम्ही तीन भावंडे आणि वर्षातले सहा महिने मुक्कामाला असलेली आजी. सगळ्यांची पाने उठली की आई लोखंडी कढई पुढे ओढून घेई आणि तळाला धरलेले पिठले कालथ्याने खरवडू लागे. भाताचे पातेले असले तर भाताची खरवड, दूध आटवले असले तर दुधाची. दुधाच्या खरवडीवर मात्र आम्हां मुलांची धाड पडे. बाकीची आईची. "आईला खरवड आवडते" हे आमच्या घरातले एक सर्वमान्य सत्य होते. ते प्रथम कोणी सांगितले, ते मला आठवत नाही. लोखंडावर कालथा घासल्याचा तो आवाज मात्र अजून कानात आहे; तो आला की समजावे, आई जेवायला बसली.

२०१०च्या पावसाळ्यात वडील गेले. नोव्हेंबरमध्ये मी आईला माझ्याकडे, इंग्लंडमधल्या लीड्सला घेऊन आलो. माझा हेतू चांगला होता, वेळ मात्र वाईट होती. त्या वर्षीचा डिसेंबर ब्रिटनमधला शंभर वर्षांतला सर्वांत थंड डिसेंबर ठरला. आई आली त्यानंतर थोड्याच दिवसांत बर्फ पडू लागले आणि पडतच राहिले. दुपारी पावणेचारला सूर्य मावळायचा. आई खिडकीशी बसून समोरच्या पांढऱ्या छपरांकडे पाहत राही आणि जेवायला बोलावले की म्हणे, "तुम्ही घ्या जेवून. मला भूक नाही." मऊ भात, मेतकूट, वरचे तूप, सगळे करून पाहिले. दोन घास खाऊन ती ताट बाजूला सारी. खरवडायला इथे कढईही नव्हती. सगळी भांडी न चिकटणारी.

शेजारी एक इंग्रज बाई राहत. वय पंचाहत्तरच्या पुढे, एकट्या. आईची हकिगत ऐकून त्या म्हणाल्या, की अशा हवेत माणसाला भाजलेले, दुधातुपाचे काहीतरी हवे. इंग्रजांच्या रविवारच्या जेवणात मुख्य मांसाच्या बरोबरीने चीजमधला फ्लॉवर हे एक ठरलेले तोंडीलावणे असते. बाईंच्या घरी त्याच पद्धतीने कोबी करत. कोबी का, तर तो स्वस्त. त्यांचे बालपण युद्धकाळातले. चीज शिधापत्रिकेवर मिळे, आठवड्याला माणशी बहुतेक वेळा दोन औंस, म्हणजे जेमतेम ५७ ग्रॅम, आणि शिधावाटप पूर्ण संपायला १९५४ साल उजाडले. कोबीवर मात्र कधीच नियंत्रण नव्हते. तो परसात लावा आणि हवा तेवढा खा. त्यामुळे आठवडाभर उकडलेला कोबी, आणि चीज साठले की एखाद्या रविवारी हा. "उकडलेल्या कोबीचा वास म्हणजे माझी शाळा," असे त्या नाक मुरडून म्हणाल्या. मला माझे वसतिगृह आठवले. हजारो मैलांच्या अंतरावरचे दोन वास एकच निघाले.

त्या वासाला कारण आहे. कोबीत गंधकाची संयुगे असतात. तो जितका जास्त वेळ पाण्यात शिजेल तितका त्यातून हायड्रोजन सल्फाइड सुटत जातो. नासलेल्या अंड्याला येतो तोच हा वायू. म्हणजे कोबीची बदनामी कोबीमुळे नाही, त्याला चुलीवर ठेवून विसरून जाणाऱ्यांमुळे आहे.

माझा पहिला प्रयत्न फसला. मी कोशिंबिरीसाठी चिरतात तसा कोबी बारीक चिरला, कच्चाच भांड्यात पसरला, वर सॉस ओतला आणि ओव्हनमध्ये ढकलला. कोबीत नव्वद टक्क्यांहून जास्त पाणी असते, हे माझ्या लक्षात नव्हते. अर्ध्या तासाने बाहेर आले ते पातळ, फुटलेले, वर तेलाचे तवंग असलेले काहीतरी. आईने ते पाहिले आणि महिन्याभरात पहिल्यांदा तिच्या चेहऱ्यावर हसू आले. "ताक झालं की रे याचं," ती म्हणाली.

दुसऱ्या वेळी ती स्वयंपाकघरात येऊन उभी राहिली. बाईंच्या सांगण्यावरून मी आता सुरकुतलेल्या पानांचा सॅव्हॉय कोबी आणला होता, पाऊण किलोचा. त्याच्या बोटभर रुंद पट्ट्या केल्या, मिठाच्या उकळत्या पाण्यात मोजून दोन-तीन मिनिटे ठेवल्या, निथळल्या आणि स्वच्छ फडक्यात बांधून पिळल्या. पिळण्याचे काम आईने माझ्या हातून काढून घेतले. चक्का बांधणाऱ्या हातांना ते शिकवावे लागत नाही.

मग सॉस. ४० ग्रॅम लोण्यात ४० ग्रॅम मैदा मंद आचेवर परतायचा, कच्चा वास गेला पण रंग आला नाही अशा क्षणी थोडे थोडे करून अर्धा लिटर दूध घालायचे आणि सतत ढवळायचे. "म्हणजे दुधातलं पिठलंच की," आई म्हणाली, आणि पुढच्याच क्षणी, "दूध गार ओतू नकोस, गाठी होतील. सरक तिकडे." मी सरकलो. वडील गेल्यानंतर ती आज प्रथमच चुलीपुढे उभी राहत होती. मी काही बोललो नाही. अशा वेळी बोलू नये एवढे मला कळत होते.

चीज किसताना तिने विचारले, "हे म्हणजे नासवलेलं दूधच ना?" हो, नासवलेले, पिळलेले, खारवलेले आणि महिनोन् महिने मुरवलेले. पारंपरिक चीजसाठी दूध विरजायला वासराच्या जठरातले रेनेट वापरतात, म्हणून पाकिटावर शाकाहारी अशी नोंद पाहूनच मी चेडर आणले होते, दीडशे ग्रॅम. भांडे आचेवरून उतरवून मगच चीज घालायचे. उकळत्या सॉसमध्ये घातले तर ते चिवट होऊन तूप सोडते. शेवटी मिरपूड, किंचित जायफळ आणि चमचाभर मोहरीची पूड. "आणि फोडणी?" आईने विचारले. मी मोहरीच्या डबीकडे बोट दाखवले. मोहरी आणि कोबी ही एकाच कुळातली भावंडे आहेत. सांगलीच्या फोडणीत ती भेटत होती, इथे सॉसमध्ये भेटतात. आईचे समाधान झाले नाही, पण तिने हरकतही घेतली नाही.

भांड्यात कोबी, त्यावर सॉस, वर शिल्लक चीज आणि शिळ्या पावाचा चुरा. २०० अंशांवर पंचवीस-तीस मिनिटे. ओव्हनच्या काचेतून आम्ही दोघे पाहत होतो. कडांना बुडबुडे येऊ लागले, पांढऱ्याचा पिवळा झाला, पिवळ्याचा तांबूस. फ्रेंच लोक अशा पदार्थाला 'ग्रातँ' म्हणतात आणि तो शब्द त्यांच्या खरवडण्याच्या क्रियापदावरून आला आहे. भांड्याला धरलेले, खरवडून काढायचे, तेच मूळचे ग्रातँ. म्हणजे अक्षरशः खरवड! हे वाचले तेव्हा मला कोण आनंद झाला होता. आपल्याकडे तळाशी लपणारी, बाकीच्यांचे जेवून झाल्यावर घरच्या बाईच्या वाट्याला येणारी खरवड या लोकांनी उचलून भांड्याच्या माथ्यावर ठेवली होती. मी मनाशी ठरवून टाकले, की आईला आज सर्वांत आधी वाढायचे आणि कोपऱ्यातला, दोन्ही बाजूंनी खरपूस झालेला तुकडा वाढायचा. तिची आवडती खरवड, पण पहिल्या पंगतीत.

दहा मिनिटे निवू दिले आणि तसेच वाढले. आईने बशीकडे पाहिले. मग चमच्याने वरचा तांबूस थर अलगद सोडवला, माझ्या बशीत ठेवला आणि खालचा मऊ कोबी खाऊ लागली.

"अगं, ते तुझ्यासाठी होतं. तुला खरवड आवडते ना?"

"मला?" ती म्हणाली. "आवडायचा प्रश्न कुठे होता? टाकवत नव्हतं."

एवढे बोलून तिने आणखी थोडे मागून घेतले. "मधलं दे," ती म्हणाली. "कडेचं नको."

मी मधले वाढले. मला वाटते, तिने माझ्यादेखत स्वतःसाठी असे काही निवडून मागितल्याची ती पहिलीच वेळ होती. तिच्या आवाजात तक्रार नव्हती, त्यागाचा अभिमानही नव्हता. चाळीस वर्षे आम्ही जिला तिची आवड म्हणत होतो ती एक सोय होती. आमची सोय. आवड म्हटले की पुढचा प्रश्न विचारावा लागत नाही. आणि मीही त्या दिवशी तेच करायला निघालो होतो. तिला न विचारताच, एका शब्दाच्या व्युत्पत्तीवर खूश होऊन, तिच्यापुढे पुन्हा खरवडच ठेवली होती.

एका बशीभर कोबीने शोक संपत नाही. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा खिडकीशीच बसली होती. पण त्या हिवाळ्यात आम्ही तो पदार्थ पाच-सहा वेळा केला. सॉस नेहमी तिने ढवळला. एकदा तिने माझी नजर चुकवून त्यात हिरवी मिरची घातली आणि शेजारच्या बाईंनी ती मुकाट्याने, डोळ्यांत पाणी आणून खाल्ली. मार्चमध्ये आई सांगलीला परतली. तिकडे तिने हा प्रकार कधीच केला नाही, ओव्हन नव्हता आणि, ती म्हणे, "एकटीसाठी कोण एवढं करतं?" या वाक्याचेही मी तेव्हा काही केले नाही, हे इथे नोंदवून ठेवतो.

आता आई नाही. थंडी पडली की मी कोबी आणतो, पट्ट्या कापतो, फडक्यात पिळतो. वाढताना घरातल्या प्रत्येकाला विचारतो, कडेचे हवे की मधले. मुलांना हा माझा विक्षिप्तपणा वाटतो. सगळ्यांचे झाल्यावर भांड्याच्या कडांना चिकटलेले मी चमच्याने खरवडून खातो. मला ते खरोखरच आवडते. पण मुलांनी अजून तसे विचारलेले नाही.