खरखर पुसू नका



नांदगाव पेठला १४ एप्रिलच्या भोंग्यावर वामनदादा कर्डकांची गाणी ऐकत मी वाढलो. आता लॅपटॉपवर भीमगीतांचे ट्रॅक बनवतो. बाबांच्या जुन्या कॅसेटमधून सॅम्पल घेतलं, तर दोस्त म्हणाला, "खरखर काढ." काढली. सोबत 'स', 'श'ची धारही गेली. गाणारा कांबळ्याखालून बोलल्यासारखा वाटू लागला. मी मूळ आवाज परत ठेवला.

ती खरखर दोष नाही. स्वस्त कॅसेट आणि भाड्याचा भोंगा एवढ्यावर चळवळीचं गाणं वस्तीवस्तीत पोचलं, त्याचा तो पुरावा आहे. पण डीजेच्या बेसखाली शब्दच गाडला, तर फाटका आवाज नुसती फॅशन ठरतो. यंदा मिरवणुकीत ट्रॅक लावण्याआधी एकच तपासा: शेवटच्या रांगेतल्या आजीला शब्द कळतो का?